मुक्या रोग्याचे पोट: औषधांचे परिणाम आणि आपली शब्दयोजना

वैद्य आणि रोगी यांच्यामध्ये भाषा हे पहिले साधन असते. नाडी, जिव्हा, मल, मूत्र यांची परीक्षा नंतर होते. तत्पूर्वी रोगी काय सांगतो ते ऐकले जाते. पशुवैद्यकात मात्र हे साधन दुसऱ्याच्या हाती असते. कुत्रा, मांजर, ससा अथवा गाय आपले दुखणे सांगू शकत नाही. घरातील मनुष्य ते पाहतो, त्याला स्वतःच्या बोलीतील एखादा शब्द लावतो आणि तो शब्द पशुवैद्यापाशी पोहोचवितो. पाळीव प्राण्याचा धनी हा या अर्थाने त्याचा दुभाष्या होय. आणि दुभाष्याने शब्द चुकीचा योजिला तर न्यायनिवाडा जसा चुकतो, तशीच चिकित्साही चुकते.

प्रस्तुत लेखाचा विषय औषधांचा पाळीव प्राण्यांच्या पचनसंस्थेवर होणारा परिणाम हा आहे. तो भाषाशास्त्राच्या कक्षेबाहेरचा वाटणे स्वाभाविक आहे. परंतु या विषयातील पुष्कळसे अनर्थ औषधाच्या गुणधर्मांइतकेच आपल्या शब्दांच्या ढिलाईतून उद्भवतात, असे विचारान्ती दिसून येते. म्हणून प्रथम शरीरात काय घडते ते पाहू आणि नंतर त्याच्या वर्णनासाठी मराठीत कोणती सामग्री आहे याचा विचार करू.

१. 'पाळीव' या शब्दाची व्याप्ती

मराठीत 'पाळीव' हे विशेषण गोठ्यातील म्हशीला, ओसरीवरील मांजराला आणि पिंजऱ्यातील सशाला सारखेच लागते. शब्द एक असल्यामुळे या सर्वांचे पोटही एकाच जातीचे असावे, असा एक अस्पष्ट समज मनात रुजतो. वस्तुस्थिती अगदी निराळी आहे. कुत्रा व मांजर यांचे जठर एकपदरी व आतडे तुलनेने आखूड असते. गाय, म्हैस, शेळी यांचे पोट चार कप्प्यांचे असून त्यांतील पहिल्या व सर्वांत मोठ्या कप्प्यात, मोठ्या गाईच्या बाबतीत, शंभर लिटरांहून अधिक ऐवज मावतो. तेथे असंख्य सूक्ष्मजीव चारा आंबवितात आणि त्यातून निघणाऱ्या अम्लांवर गाईचा बहुतांश निर्वाह चालतो. ससा, गिनीपिग व घोडा यांच्यात हेच आंबविण्याचे कार्य आतड्याच्या शेवटच्या भागात, अंधांत्रात व मोठ्या आतड्यात, होते. शिवाय कुत्रा व मांजर सहज ओकू शकतात. घोडा व ससा यांना ओकता येत नाही. नको असलेला पदार्थ बाहेर टाकण्याचा एक मार्ग त्यांना निसर्गतःच बंद आहे. एकच गोळी या निरनिराळ्या कोठ्यांत गेली असता एकच परिणाम करील, ही अपेक्षाच मुळात चुकीची ठरते.

या संदर्भात आयुर्वेदातील 'कोष्ठ' ही संकल्पना लक्षात घेण्याजोगी आहे. मराठीतील 'कोठा' हा शब्द त्यावरूनच आला. चरकसंहितेत मनुष्याचे कोष्ठ मृदू किंवा क्रूर ठरविले आहे ते त्याच्या आकारावरून नव्हे, तर द्रव्याला ते कसा प्रतिसाद देते यावरून. ज्याला गूळ, उसाचा रस किंवा दूध यांनीही रेच होतो तो मृदुकोष्ठ. पोटाची ओळख औषधाच्या परिणामातून करून घ्यावी हा विचार मनुष्यामनुष्यांतील भेदापुरता मांडलेला असला, तरी प्राणिजातींच्या भेदाला तो अधिकच लागू पडतो.

२. वेदनाशामके आणि जठराचे अस्तर

घरगुती औषधोपचारातून होणाऱ्या अपायांत वेदनाशामकांचा क्रमांक वरचा लागतो. कुत्रा लंगडू लागला की घरच्या औषधांच्या डब्यातील इबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक अथवा नाप्रोक्सेनची गोळी त्याला दिली जाते. यांतील हेतू दयेचा असतो, यात शंका नाही. परंतु परिणाम काय होतो?

जठरात तीव्र अम्ल स्रवत असते. त्या अम्लाने जठराची भिंतच पचून जाऊ नये म्हणून तिच्यावर श्लेष्म्याचा लेप असतो, अम्ल मारणारा क्षारयुक्त स्राव असतो आणि भिंतीला रक्ताचा भरपूर पुरवठा असतो. या तिन्ही व्यवस्था प्रोस्टाग्लँडिन नामक द्रव्यांच्या आज्ञेवर चालतात. तीच द्रव्ये दुखावलेल्या सांध्यात सूज व वेदना निर्माण करण्यातही भाग घेतात. ॲस्पिरिनसारखी औषधे प्रोस्टाग्लँडिनांची निर्मितीच रोखतात, हे जॉन व्हेन या इंग्रज शास्त्रज्ञाने १९७१ साली दाखविले व त्या कार्याबद्दल त्याला १९८२ साली नोबेल पारितोषिकाचा वाटा मिळाला. या शोधाने औषधाचा गुण आणि दोष एकाच मुळातून कसे निघतात हे स्पष्ट झाले. सांध्यातील वेदना ज्या क्रियेने शमते, त्याच क्रियेने जठराचे कवच उतरते. म्हशीला आजार आणि पखालीला इलाज, असा मासला म्हणीत सांगितला जातो. येथे इलाज पायासाठी होतो आणि आजार पोटाला जडतो.

कुत्र्याच्या बाबतीत हा धोका विशेष आहे. मनुष्याच्या रक्तातील नाप्रोक्सेन निम्मे होण्यास सुमारे १२ ते १७ तास लागतात. कुत्र्यात त्यासाठी सुमारे तीन दिवस लागतात, कारण यकृताने पित्तावाटे आतड्यात टाकलेले औषध तेथून पुन्हा रक्तात शोषले जाते. दुसऱ्या दिवशी दुसरी गोळी दिली असता पहिली अद्याप गेलेलीच नसते. परिणामी जठरात व ग्रहणीत, म्हणजे लहान आतड्याच्या आरंभीच्या भागात, व्रण पडतात; त्यांतून रक्त झिरपते; क्वचित भिंतीला छिद्र पडून प्राण्याच्या जिवावर बेतते. प्राण्यांसाठी मान्य झालेली कार्प्रोफेन, मेलॉक्सिकॅम, फिरोकॉक्सिब यांसारखी औषधे तुलनेने सुरक्षित आहेत. पण तीही सर्वस्वी निर्धोक नाहीत. विशेषतः अशी दोन औषधे एकाच वेळी देणे, किंवा त्यांच्या जोडीला स्टिरॉइड देणे, हे जठराला हमखास बाधणारे असते. घरी दिलेली गोळी धन्याने सांगितली नाही आणि पशुवैद्याने त्यावर दुसरे वेदनाशामक टोचले, तर हाच संयोग नकळत घडून येतो.

३. मांजर म्हणजे लहान कुत्रा नव्हे

पशुवैद्यांमध्ये रूढ असलेले हे वचन शब्दशः खरे आहे. पुष्कळशी औषधे शरीराबाहेर टाकण्यापूर्वी यकृत त्यांना ग्लुक्युरोनिक अम्लाशी जोडते. हे कार्य करणाऱ्या विकरांपैकी एका महत्त्वाच्या विकराचे जनुक मांजराच्या वंशात निकामी झालेले आहे. म्हणून ॲस्पिरिनचा निचरा कुत्र्यात काही तासांत, तर मांजरात सुमारे दीड दिवसात निम्म्यापर्यंत होतो. पॅरासिटॅमॉलच्या बाबतीत तर गोष्ट पोटावर थांबत नाही. ज्या वाटेने ते निरुपद्रवी व्हावयाचे ती वाट अरुंद असल्यामुळे त्याचे विषारी रूपांतर साठते, रक्तातील प्राणवायू वाहण्याची शक्ती नष्ट होते, हिरड्या तपकिरी पडतात आणि तोंडास व पंजांस सूज येते. मनुष्याच्या एका गोळीने मांजर दगावू शकते. मुलांच्या तापावर आपण निःशंकपणे वापरतो ते हे औषध आहे, ही गोष्ट मांजर पाळणाऱ्या प्रत्येक घराने ध्यानात ठेविली पाहिजे.

मांजराच्या बाबतीत आणखी एक अपाय औषधाच्या गुणाहून त्याच्या मार्गाशी निगडित आहे. कोरडी गोळी गिळविली असता ती मांजराच्या अन्ननलिकेत बराच वेळ अडकून राहते. डॉक्सिसायक्लिनसारखी दाहक गोळी अशी अडकली तर ती अन्ननलिकेचे अस्तर जाळते. व्रण भरताना तेथे आकुंचन होऊन वाट अरुंद होते आणि मग अन्न खाली उतरेनासे होते. उपाय अगदी साधा आहे: गोळीमागोमाग पिचकारीने सुमारे ५ ते ६ मिलिलिटर पाणी हळूहळू पाजावे किंवा लगेच थोडे अन्न द्यावे. इतक्या साध्या उपायाअभावी महिनोन्‌महिन्यांचे दुखणे ओढवते.

४. प्रतिजैविके आणि आतड्यातील वस्ती

२५ मे १९४० रोजी ऑक्सफर्ड येथे फ्लोरी व त्याच्या सहकाऱ्यांनी आठ उंदरांना घातक जंतू टोचले व त्यांपैकी चारांना पेनिसिलिन दिले. रात्र सरेपर्यंत औषध न मिळालेले चारही मेले. औषध मिळालेले जगले. या प्रयोगाने एका युगाचा आरंभ झाला. पुढे १९४३ साली असे आढळले की तेच पेनिसिलिन गिनीपिगांना मारक ठरते. प्रयोगासाठी उंदरांऐवजी गिनीपिग निवडले असते तर या औषधाचे भवितव्य काय झाले असते, असा प्रश्न तेव्हापासून विचारला जातो.

या विरोधाचे कारण पचनसंस्थेतच आहे. गिनीपिग, ससा व हॅम्स्टर यांच्या अंधांत्रातील उपकारक सूक्ष्मजीवांची वस्ती पेनिसिलिनवर्गीय औषधांनी, तसेच लिंकोमायसिन व क्लिंडामायसिन यांनी, उद्ध्वस्त होते. मोकळ्या झालेल्या जागी क्लॉस्ट्रिडियम कुळातील विषोत्पादक जंतू माजतात. त्यांच्या विषाने आतडे सुजते, पातळ जुलाब होतात व प्राणी थोड्याच दिवसांत मरतो. औषध तोंडावाटे दिल्यास धोका सर्वाधिक. सशाला अमॉक्सिसिलिनचे सरबत पाजणे हे म्हणूनच विषाची परीक्षा पाहण्यासारखे आहे.

मोठ्या गाईला तोंडावाटे प्रतिजैविक दिले तर पहिल्या कप्प्यातील सूक्ष्मजीव मरतात, आंबविण्याची क्रिया थंडावते, जनावर चारा टाकते व रवंथ करणे सोडते. 'रवंथ करीत नाही' हे आपल्या शेतकऱ्याचे जुने निदानवाक्य शास्त्राच्या कसोटीलाही पूर्णपणे उतरते.

कुत्र्यांत इतका उत्पात सहसा होत नाही. तथापि तेथेही परिणाम होतोच. निरोगी कुत्र्यांना दोन आठवडे मेट्रोनिडाझोल देऊन केलेला एक अभ्यास २०२० साली प्रसिद्ध झाला. आतड्यातील सूक्ष्मजीवांची रचना त्यात लक्षणीय बदललेली आढळली व औषध थांबविल्यानंतर चार आठवड्यांनीही काही कुत्र्यांत ती पूर्ववत झालेली नव्हती. पित्ताम्लांचे रूपांतर करणारे उपयुक्त जंतूही यात घटतात. गंमत अशी की हे औषध पुष्कळदा जुलाबावरच दिले जाते. कुत्र्याचे साधे, ताप व रक्त नसलेले जुलाब बहुधा आहार व पाणी सांभाळल्याने आपोआप थांबतात. त्यांवर उठल्यासुटल्या प्रतिजैविक देऊ नये, असेच आजचे मत आहे.

जुलाब थांबविणाऱ्या लोपेरामाइड या औषधाचीही एक गोष्ट येथे नमूद करावयास हवी. एरवी हे द्रव्य मेंदूत शिरत नाही, कारण एक पहारेकरी प्रथिन त्याला बाहेर ढकलीत असते. कोली व तत्सम जातींच्या अनेक कुत्र्यांत या प्रथिनाचे जनुक सदोष असते, हे २००१ साली उघडकीस आले. अशा कुत्र्याला ही गोळी दिली तर जुलाब राहतात बाजूला आणि कुत्रा गुंगीत पडतो.

५. वर्णनाची भाषा

आता दुभाष्याच्या कामाकडे वळू. वरील विवेचनात तीन लक्षणे वारंवार आली: तोंडावाटे अन्न बाहेर पडणे, जुलाब होणे आणि रक्तस्राव होणे. या तिहींच्या बाबतीत आजच्या शहरी मराठीत एकेक ढोबळ शब्द उरला आहे: 'उलटी', 'लूज मोशन' आणि 'ब्लीडिंग'. शास्त्राला मात्र प्रत्येक ठिकाणी एक भेद हवा असतो.

(अ) पोटाचे स्नायू आवळून, मळमळून, जोराने जे बाहेर पडते ते जठरातून वा त्याखालून येते. मान खाली घालताच कोणत्याही प्रयासावाचून जे न पचलेले अन्न बाहेर ओघळते ते अन्ननलिकेतून येते. पहिल्यात वेदनाशामकाने झालेल्या व्रणाचा, दुसऱ्यात अडकलेल्या गोळीचा संशय घ्यावयाचा. दोहोंना 'उलटी' म्हटले की तपासाची दिशाच हरवते. वस्तुतः हा भेद मराठीला अपरिचित नाही. तान्ह्या मुलाने दूध पिऊन सहज बाहेर टाकले तर घरातील वडीलधारी बाई 'गुळणी टाकली' म्हणते, 'ओकला' म्हणत नाही. 'ओकणे' आणि 'गुळणी टाकणे' ही जोडी पशूंच्या बाबतीतही बिनदिक्कत वापरता येईल.

(आ) लहान आतड्याच्या विकारात मल पुष्कळ, पातळ व थोड्या वेळा होतो. मोठ्या आतड्याच्या विकारात तो थोडा थोडा, वारंवार, कुंथून आणि श्लेष्मायुक्त होतो. आपल्या जुन्या बोलीत पहिल्याला 'ढाळ' किंवा 'हगवण' म्हणतात. दुसऱ्याला 'आव पडणे' व त्याच्या जोडीला 'मुरडा'. हे शब्द शास्त्रीय संज्ञांशी तंतोतंत जुळतात असा दावा करता येणार नाही. परंतु 'लूज मोशन' या उसन्या जोडशब्दापेक्षा ते निश्चितच अधिक सांगतात.

(इ) गुदद्वारातून लाल रक्त दिसले तर स्राव आतड्याच्या शेवटच्या भागात असतो. जठरात किंवा ग्रहणीत स्राव झाला तर रक्त वाटेत पचते आणि मल डांबरासारखा काळा, चिकट व दुर्गंधीयुक्त होतो. धनी रक्त म्हणजे लाल असेच समजतो व 'रक्त नाही' असे सांगतो. वेदनाशामक चालू असताना 'शी काळी झाली आहे काय?' हा प्रश्न म्हणून स्वतंत्रपणे विचारावयास हवा. लोहयुक्त औषधानेही मल काळा होतो, हेही त्याच वेळी ताडून पाहावे.

६. 'मात्रा' आणि अनुपान

छंदःशास्त्राच्या अभ्यासकांना 'मात्रा' हा शब्द परिचित आहे: उच्चारास लागणाऱ्या कालाचे ते माप. वैद्यकातही 'मात्रा' म्हणजे मापच. परंतु बोलीत 'मात्रा चालली', 'मात्रा लागू पडली' अशा प्रयोगांतून मापाचा अर्थ लोपून गुणकारी औषध एवढाच अर्थ राहिला. हा अर्थपालट वरवर निरुपद्रवी दिसतो; व्यवहारात मात्र औषध ओळखीचे असले की प्रमाणाचा विचार गौण ठरतो. जे प्रमाण पाहतात तेही पुष्कळदा केवळ वजनाचा हिशेब करतात: माणूस ६० किलोचा, कुत्रा १० किलोचा, म्हणून गोळीचा सहावा हिस्सा. नाप्रोक्सेन व पॅरासिटॅमॉल यांची वर दिलेली उदाहरणे या त्रैराशिकाला उत्तर देण्यास पुरेशी आहेत. औषध शरीरात किती काळ टिकते आणि कोणत्या वाटेने निघते, हे वजनावरून कळत नाही.

अनुपानाचीही गोष्ट अशीच. मराठी घरांत कुत्र्यामांजराला गोळी द्यावयाची तर ती दुधातून देण्याची रीत आहे. दुधातील चुना, म्हणजे कॅल्शियम, टेट्रासायक्लिनला बांधून टाकतो. एन्रोफ्लॉक्सासिनसारख्या औषधांचे शोषणही त्याने घटते. मग औषध रक्तात पुरेसे पोहोचत नाही, 'लागू पडले नाही' असा निष्कर्ष निघतो आणि दुसरे, अधिक तीव्र औषध सुरू होते. येथे औषध चुकले नव्हते. अनुपान चुकले होते. शिवाय बऱ्याच मोठ्या मांजरांना दूध पचत नाही. त्याने होणारे जुलाब औषधाच्या माथी मारले जातात, ते वेगळेच.

७. उपसंहार

या सर्वांवरून औषधे टाळावीत असा निष्कर्ष कोणी काढू नये. वेदनेने तळमळणाऱ्या जनावराला वेदनाशामक न देणे ही निर्दयता होय, आणि जंतुसंसर्गात प्रतिजैविकावाचून गत्यंतर नसते. थोडे पोट बिघडताच प्रतिजैविक किंवा स्टिरॉइड स्वतःच्या मनाने मध्येच बंद करणे हेही अपायकारक आहे. वेदनाशामकाचे मात्र निराळे: ते चालू असताना प्राण्याने अन्न टाकले, ओकारी सुरू झाली किंवा शी काळी झाली तर पुढची गोळी न देता त्याच दिवशी पशुवैद्यास कळवावे.

मुंबईत १८८६ साली पशुवैद्यकीय महाविद्यालय स्थापन झाले, तेव्हापासून या विद्येचे अध्ययन महाराष्ट्रात चालू आहे; परंतु तिचा धन्याशी होणारा व्यवहार अद्यापि अर्ध्या इंग्रजीत आणि अर्ध्या अंदाजाने चालतो. 'गुरांचा डॉक्टर' हा आपला जुना शब्द गोठ्याशी जोडलेला होता आणि गोठ्याची भाषा समृद्ध होती: रवंथ, पोटफुगी, ढाळ, आव. घरातल्या कुत्र्यामांजरांबरोबर नवी औषधे आली, पण ती भाषा त्यांच्यापर्यंत आली नाही. पचनविकारांचे मराठीतील बोलीगत शब्द जिल्हावार गोळा करून, त्यांचे नेमके अर्थ पशुवैद्यांच्या साहाय्याने निश्चित करून, एक छोटी प्रश्नावली सिद्ध करणे हे पदव्युत्तर विद्यार्थ्यास सहज पेलण्याजोगे संशोधन आहे. काय खाऊ घातले, कोणती गोळी किती व केव्हा दिली, ओकला की गुळणी टाकली, ढाळ की आव, शीचा रंग कोणता, एवढ्या प्रश्नांची उत्तरे नेमक्या मराठीत मिळाली, तर पुष्कळ प्राण्यांचे निदान वेळेवर होईल. बोलीविज्ञानाचा इतका प्रत्यक्ष उपयोग करून देणारे विषय फारसे नाहीत.